'सार्वजनिक' या शब्दातील अर्थदोष

एका गुरुवारी रात्री मॉलच्या तळघरातील चार्जिंगच्या यंत्रावर 'अर्थ फॉल्ट' अशी अक्षरे उमटली. अक्षरे रोमन होती, आणि यंत्राला म्हणायचे होते ते एवढेच की, जमिनीशी असलेली जोडणी ठीक नाही, सबब वीज देता येणार नाही. परंतु दोन दशके मराठी शिकवण्यात घालवलेल्या माणसांची खोड सहजासहजी जात नाही. आम्ही त्या शब्दांचे मनातल्या मनात 'अर्थदोष' असे भाषांतर केले आणि दोघेही हसलो. मम्मटाने 'काव्यप्रकाशा'त सांगितलेल्या दोषांत पददोष, वाक्यदोष आणि रसदोष यांच्या जोडीला अर्थदोषही आहेच. तो असा पुण्याच्या एका तळघरात भेटेल, असे वाटले नव्हते. हसू मात्र फार वेळ टिकले नाही. गाडीत चौदा टक्के वीज उरली होती, तळघरात मोबाईलला रेंज नव्हती आणि जवळपास विचारावे असा एकही माणूस नव्हता.

त्या रात्रीपासून आमच्या मनात एक विचार घोळतो आहे, तो असा की, तो दोष खरोखर त्या यंत्राच्या जोडणीतच होता की यंत्रावरच्या पाटीत? पाटीवर 'सार्वजनिक चार्जिंग केंद्र' असे लिहिलेले होते. या शब्दसंहतीतील 'चार्जिंग' आणि 'केंद्र' यांच्याविषयी आमची तक्रार नाही. आमची तक्रार 'सार्वजनिक' या विशेषणाविषयी आहे.

थोडी पार्श्वभूमी सांगणे येथे आवश्यक आहे. आम्ही पेठेतल्या एका जुन्या इमारतीत राहतो. इमारतीला वाहनतळ नाही; गाडी रस्त्याच्या कडेला, मिळेल तिथे उभी राहते. विजेवर चालणारी गाडी घेतली, तेव्हा अनेकांनी 'घरी चार्जिंगची सोय आहे ना?' असे विचारले होते आणि आम्ही 'बाहेर आता पुष्कळ सोय झाली आहे' असे उत्तर दिले होते. ते उत्तर खोटे नव्हते. यंत्रे खरोखरच वाढली आहेत. मॉलमध्ये, हॉटेलांच्या आवारात, पेट्रोल पंपांच्या कोपऱ्यात ती दिसतात. पण 'यंत्र दिसणे' आणि 'वीज मिळणे' यांच्यामध्ये जे अंतर आहे, त्या अंतरातच आमचे गेल्या दीड वर्षाचे गुरुवार गेले आहेत.

ज्यांच्या दाराशी स्वतःचा प्लग आहे, त्यांना हे अंतर जाणवत नाही. ते रात्री वायर जोडतात, सकाळी काढतात. त्यांच्या दृष्टीने सार्वजनिक केंद्र म्हणजे सहलीला निघताना लागणारी शिदोरी. आमच्यासारख्यांना मात्र ते रोजच्या पाण्यासारखे आहे. आठवड्याचे वेळापत्रक त्याभोवती बेतावे लागते. गुरुवारी शेवटचा तास चार वाजता संपतो. घरून उत्तरपत्रिकांचा गठ्ठा घ्यायचा, मॉलच्या तळघरात जायचे, गाडी जोडायची आणि गाडीतच बसून तपासायला सुरुवात करायची. आमच्या गाडीची बॅटरी सुमारे चाळीस युनिटांची. तीस किलोवॉटच्या यंत्रावर ती वीस टक्क्यांवरून ऐंशी टक्क्यांवर जायला साधारण तास लागतो. ऐंशीच्या पुढे बॅटरी स्वतःच वेग कमी करते, म्हणून तिथे थांबणे शहाणपणाचे आणि मागे उभ्या असलेल्यांच्या दृष्टीने सभ्यपणाचे. एका तासात बारा उत्तरपत्रिका होतात. हे गणित जमले तर तक्रार करण्याजोगे काहीच नाही. उलट उत्तरपत्रिका वेळेवर तपासून होतात.

पण ते जमत नाही. कधी चार्जिंगच्या जागेत पेट्रोलची गाडी उभी असते आणि तिचा मालक वरच्या मजल्यावर सिनेमा पाहत असतो. कधी कोणीतरी गंमत म्हणून लाल आपत्कालीन बटण दाबून ठेवलेले असते. ते फिरवून मोकळे केले की यंत्र सुरू होते, हे ज्ञान आम्हांला तीन फेऱ्या फुकट गेल्यावर झाले. कधी एकाच यंत्राला दोन नळ्या असतात (त्यांना सगळे 'गन' म्हणतात), पण दुसरी गाडी जोडली की वीज दोघांत वाटली जाते आणि तासाचे दोन तास होतात. पाटीवर 'चोवीस तास' लिहिलेले असते आणि रात्री साडेदहाला पहारेकरी फाटक ओढून घेतो. आधी एक सांगायचे आणि लगेच त्याच्या विरुद्ध वागायचे, याला काव्यशास्त्रात 'व्याहत' म्हणतात. तोही अर्थदोषच.

यावर भर ॲपची. आमच्या मोबाईलवर आज चार्जिंगची सहा ॲप आहेत, कारण प्रत्येक कंपनीचे यंत्र तिच्याच ॲपला ओळखते. प्रत्येक ॲपमध्ये एक पाकीट असते आणि वीज घेण्यापूर्वी त्यात पैसे भरावे लागतात. घेतलेली वीज आणि भरलेले पैसे कधीच जुळत नाहीत. परिणामी एका पाकिटात सदतीस रुपये, दुसऱ्यात एकशे बारा, तिसऱ्यात नऊ, अशी आमची विखुरलेली संपत्ती आहे. ज्या देशात कोथिंबिरीची जुडी विकणाऱ्या बाईंकडे कोणत्याही बँकेचे, कोणत्याही ॲपमधून पैसे पोहोचवणारी यूपीआयची व्यवस्था २०१६ पासून आहे, त्या देशात विजेसाठी मात्र सहा पाकिटे बाळगावी लागावीत, हे तंत्रज्ञानाच्या अभावामुळे घडते असे म्हणता येत नाही.

आता मूळ शब्दाकडे वळू. 'सार्वजनिक' हा शब्द मराठीत सुखासुखी रुजलेला नाही. १८७० मध्ये पुण्यात सार्वजनिक सभा स्थापन झाली, तेव्हा तिच्या सभासदाला किमान पन्नास माणसांच्या सह्यांचे मुखत्यारपत्र आणावे लागे. म्हणजे 'सार्वजनिक' म्हणवून घेण्यासाठी आपण कोणाच्या वतीने बोलतो आणि कोणाला उत्तर देणे लागतो, हे आधी सिद्ध करावे लागे. जोतीराव फुल्यांनी आपल्या अखेरच्या ग्रंथाच्या नावातच हा शब्द योजला. 'सार्वजनिक सत्यधर्म पुस्तक' त्यांच्या निधनानंतर, १८९१ मध्ये प्रसिद्ध झाले. तेथे या शब्दाची व्याप्ती सभेच्या सभासदांपुरती राहत नाही. ती सर्व स्त्री-पुरुषांपर्यंत जाते. आणि या शब्दाची सर्वांत कठीण परीक्षा पाण्यावर झाली. सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले करण्याचा सी. के. बोले यांचा ठराव मुंबई कायदे कौन्सिलात १९२३ मध्ये संमत झाला. महाडच्या नगरपालिकेनेही १९२४ मध्ये तसा ठराव केला. तरीही चवदार तळ्याचे पाणी मिळण्यासाठी २० मार्च १९२७ या दिवशी डॉ. आंबेडकरांना हजारो माणसांसह तळ्यावर जावे लागले, आणि त्यानंतरही तळे खाजगी मालकीचे असल्याचा दावा विरोधकांनी न्यायालयात मांडला. तो वाद १९३७ मध्ये उच्च न्यायालयाच्या निकालाने मिटला.

गैरसमज होऊ नये म्हणून लगेच स्पष्ट करतो. मोटारगाडी बाळगू शकणाऱ्या दोन प्राध्यापकांची गैरसोय आणि माणूसपणासाठी दिलेला तो लढा यांची तुलना करण्याचा विचारही आमच्या मनात नाही. आम्ही केवळ एक भाषिक धडा घेऊ पाहतो. ठरावाने एखादी जागा सार्वजनिक होते ती कागदावर. प्रत्यक्षात ती सार्वजनिक होते तेव्हा, जेव्हा कोणीही तिथे जाऊन हक्काने मागू शकतो आणि देण्यास कोणीतरी बांधलेला असतो. हा अर्थ मराठी समाजाने मोठी किंमत देऊन मिळवलेला आहे. तो एखाद्या पाटीवर इतका स्वस्त होऊ नये.

विजेच्या बाबतीत हे बांधलेपण कोठे सुटले, ते शोधू गेल्यास सरकारी कागदांतच उत्तर सापडते. २००३ च्या वीज कायद्यानुसार मागणाऱ्याला ठरलेल्या मुदतीत वीजजोडणी देणे वितरण कंपनीवर बंधनकारक आहे. आमच्या जुन्या इमारतीतल्या सर्वांत वरच्या खोलीलाही ती नाकारता येत नाही. एप्रिल २०१८ मध्ये केंद्रीय ऊर्जा मंत्रालयाने खुलासा केला की, वाहनाचे चार्जिंग ही विजेची विक्री नसून सेवा आहे. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये मार्गदर्शक तत्त्वे आली आणि केंद्र उभारण्यासाठी परवान्याची गरज नाही, हे निश्चित झाले. हेतू चांगलाच होता. परवान्यांच्या जंजाळात अडकले असते तर आज आहेत तेवढी यंत्रेही दिसली नसती. शहरात तीन किलोमीटर लांब-रुंद चौकटीत किमान एक केंद्र आणि महामार्गांच्या दोन्ही बाजूंस दर पंचवीस किलोमीटरवर एक, असे उद्दिष्टही त्याच तत्त्वांत ठेवले गेले.

परंतु परवाना गेला, तशी त्याच्या मागोमाग येणारी जबाबदारीही सैल झाली. चौकटीत यंत्र असावे, हे सांगितले गेले. यंत्र चालू नसेल तर त्या चौकटीतल्या माणसाने कोणाच्या दारात जावे, याचे सोपे उत्तर त्याला मिळाले नाही. 'सेवा' या शब्दाचे मात्र एक ठोस फळ पदरात पडले. घरातल्या विजेवर वस्तू व सेवा कर नाही. सार्वजनिक चार्जिंगवर तो १८ टक्के आहे. म्हणजे ज्याला स्वतःचे वाहनतळ आहे तो कराविना वीज भरतो आणि ज्याला नाही तो करासह. सार्वजनिकावर अवलंबून असणे हीच येथे करपात्र गोष्ट ठरते.

पेट्रोल पंपाशी तुलना अटळ आहे. पंप ही काही आदर्श संस्था नव्हे. तिथल्या मापाच्या गोष्टी सर्वांना ठाऊक आहेत. पण पंपावर एक माणूस असतो. तो 'शून्य बघा' म्हणतो. त्या दोन शब्दांत एक छोटासा करार असतो, म्हणजे मी मोजायला सुरुवात करतो आहे, तुम्ही साक्षी आहात. पंपावर फुकट हवा असते, प्यायचे पाणी असते, तक्रारवही असते. नळी बिघडली तर तो दुसऱ्या नळीकडे बोट दाखवतो. चार्जिंगच्या यंत्राजवळ एक दूरध्वनी क्रमांक असतो. तो फिरवला की दूरच्या शहरातील एक आवाज यंत्राचा क्रमांक विचारतो, 'आमच्या प्रणालीत यंत्र सुरू दिसते आहे' असे सांगतो, आणि तक्रार नोंदवून घेतो. यंत्रासमोर उभ्या असलेल्या माणसाच्या डोळ्यांपेक्षा प्रणालीतील हिरवा ठिपका अधिक विश्वासार्ह मानला जातो. साहित्याच्या विद्यार्थ्यांना आम्ही नेहमी सांगतो की, संहिता आणि अनुभव यांत विरोध आला तर दोन्हींकडे पुन्हा पाहा. येथे फक्त संहितेकडे पाहिले जाते.

गेल्या हिवाळ्यात कोल्हापूरहून परतताना याचा पुरता प्रत्यय आला. कोल्हापुरात यंत्रावर रांग होती, म्हणून साठ टक्क्यांवरच निघालो; कराडजवळ, महामार्गालगतच्या एका हॉटेलच्या आवारात यंत्र असल्याचे ॲप दाखवत होते आणि ठिपका हिरवा होता. पोहोचलो तेव्हा पडदा काळा. हॉटेलच्या पोऱ्याने सांगितले की ते आठ दिवसांपासून बंद आहे. गाडीत पंचवीस टक्के, साताऱ्यापर्यंत पन्नासहून अधिक किलोमीटर, अंधार पडू लागलेला. दूरध्वनीवरच्या आवाजाने अठ्ठेचाळीस तासांत निवारण होईल असे आश्वासन दिले. आम्हांला अठ्ठेचाळीस तास कराडात काढायचे नव्हते.

तेवढ्यात गल्ल्यावरचे मालक उठून बाहेर आले. आमच्याजवळ साध्या पंधरा अँपिअरच्या सॉकेटला लागणारी वायर आहे का, असे त्यांनी विचारले. ती होती. त्यांनी आईस्क्रीमच्या फ्रीजचा प्लग काढला आणि म्हणाले, "लावा की, सर. आपलं अर्थिंग पक्कं हाय." खरोखरच वायरीवरचा दिवा हिरवा झाला. तीन तासांत दहाएक युनिटे भरली. साताऱ्याच्या पुढेही जाता येईल इतकी. त्या तीन तासांत आम्ही जेवलो, चहा घेतला, उरलेल्या उत्तरपत्रिका तपासल्या. विजेचे पैसे किती, असे विचारल्यावर ते काही वेळ मनात हिशोब करत राहिले आणि मग दीडशे रुपये म्हणाले. त्या यंत्राशी त्यांचा संबंध जागेच्या भाड्यापुरता होता. वीज देण्यास ते बांधलेले नव्हते. तरीही त्या रात्री त्या आवारात सार्वजनिक असे जर काही असेल, तर तो त्यांच्या फ्रीजमागचा सॉकेट होता.

शहरातला अनुभवही याच दिशेने बोट दाखवतो. मॉलच्या तळघरात आम्हांला नेहमी भेटतात ते टॅक्सीचालक. आमचा तास वाया गेला तर उत्तरपत्रिका मागे पडतात. त्यांचा तास वाया गेला तर त्या दिवसाची कमाई मागे पडते, कारण गाडीचा हप्ता तासांत मोजला जात नाही. त्यांच्यापैकी एकाने आम्हांला पहिल्यांदा सांगितले, "सर, ही मशीन दुपारी तापते. तीनच्या पुढे लावू नका, अर्ध्यातच सुटते." दुसऱ्याने त्यांच्या व्हॉट्सॲप गटात आम्हांला सामील करून घेतले. त्या गटात रोज सकाळी सहापासून नोंदी येतात: कोणते यंत्र सुरू, कोणते बंद, कोठे फाटक लवकर लागते, कोठे रात्री दिवा नसतो. एका चालकबाईंनी दिव्याची नोंद सुरू केली, तोवर ती कोणाला सुचली नव्हती. रात्री अकराला मोकळ्या मैदानाच्या टोकाला असलेल्या यंत्राजवळ तासभर थांबणे ही सर्वांसाठी सारखी गोष्ट नसते. कोणाचे ऐंशी टक्के झाले आणि तो जवळपास नसेल, तर काचेवर ठेवलेल्या चिठ्ठीवरील क्रमांकावर दूरध्वनी केला जातो. रांग कोणी आखलेली नाही, पण मोडली तर चार माणसे बोलतात.

म्हणजे सार्वजनिकता तिथे आहे; फक्त ती यंत्राने किंवा यंत्र लावणाऱ्यांनी निर्माण केलेली नाही. ती थांबून राहणाऱ्यांनी निर्माण केली आहे. हे पाहून भारावून जाण्याचा मोह होतो. तो आम्ही आवरतो. माणसे एकमेकांना सांभाळून घेतात, म्हणून व्यवस्थेने सांभाळू नये, असा निष्कर्ष आपल्याकडे फार लवकर काढला जातो. हॉटेलमालकांच्या भलेपणावर महामार्ग चालू शकत नाही आणि चालकांच्या व्हॉट्सॲप गटाने कंपनीच्या देखभाल विभागाचे काम फुकटात करणे हे कौतुकास्पद असले, तरी न्याय्य नाही.

आक्षेप दोन आहेत, आणि दोन्ही विचारात घेण्याजोगे आहेत. पहिला असा की, ही संक्रमणावस्था आहे. पंपांचे जाळेही एका दिवसात उभे राहिले नाही, बाजार हळूहळू सर्व सुरळीत करील. यंत्रांच्या संख्येपुरते हे खरे आहे. २०२४ मध्ये सुरू झालेल्या पीएम ई-ड्राइव्ह योजनेत सार्वजनिक चार्जिंगसाठी २,००० कोटी रुपये ठेवलेले आहेत; यंत्रे वाढतील यात शंका नाही. परंतु यंत्र उभारले म्हणजे काम झाले, अशी मोजणीची पद्धत राहिली, तर बंद यंत्रेही त्याच वेगाने वाढतील. दुसरा आक्षेप अधिक बोचरा आहे. घरी सोय नसताना तुम्हांला ही गाडी घ्यायला सांगितली कोणी? यावर आमचे उत्तर असे की, शहरातली फार मोठी वस्ती अशीच आहे. चाळीत, वाड्यात, जुन्या इमारतींत राहणारी, गाडी रस्त्यावर लावणारी. हवा स्वच्छ करण्याचा कार्यक्रम फक्त वाहनतळ असलेल्यांसाठी असेल, तर तसे स्पष्ट सांगावे. धुरात उभे राहणाऱ्यांत वाहनतळ नसलेलेच अधिक आहेत.

आमच्या मागण्या मोठ्या नाहीत. कोणत्याही यंत्रावर कोणत्याही मार्गाने पैसे देता यावेत. दर, वेळ आणि जबाबदार व्यक्तीचे नाव मराठीत, ठळक अक्षरांत लिहिलेले असावे. यंत्र बंद असेल तर ते ॲपवर बंदच दिसावे, आणि ठरावीक दिवसांहून अधिक काळ बंद राहिले तर उभारणाऱ्याला त्याची किंमत मोजावी लागावी. दिवा, छप्पर आणि बसायला एक बाक असावा. एस.टी.च्या साध्या थांब्यावर आपण एवढी अपेक्षा करतो. अनुदान आणि जागा सार्वजनिक पैशातून मिळणार असेल, तर उत्तरदायित्वही सार्वजनिकच असायला हवे. पन्नास सह्यांचे मुखत्यारपत्र मागणाऱ्या शहराला हे नव्याने शिकवायला नको.

त्या तळघरातले यंत्र पुढे दुरुस्त झाले. गेल्या गुरुवारी तिथे गेलो, तेव्हा ते व्यवस्थित चालत होते. पाटी मात्र तीच होती. पहारेकऱ्याला आम्ही विचारले, हे बंद पडले तर सांगायचे कोणाला? त्याने पाटीकडे पाहिले, यंत्राकडे पाहिले, आणि म्हणाला, "ते काय माहीत नाय, सर. आमच्याकडं फक्त फाटक आहे."